आवाज माझाच, गळा लेआंद्रोचा

९ जानेवारी १९७८, सोमवार

नवी वही. जुनीत पानं शिल्लक होती, पण तिच्यात गेल्या वर्षाच्या तक्रारीच फार झाल्या होत्या. ते वर्ष संपलं. आता काम.

एकतीस वर्षं सिनेमात. चौसष्ट चित्रपट. त्यांत अडतीस वेळा पाद्री, नऊ वेळा पोलिसांचा सार्जंट, बाकी नोटरी, गुरांचे डॉक्टर वगैरे. माद्रिदमध्ये पडद्यावर पाद्री हवा म्हटलं की एवारिस्तो पेद्राथा, हे ठरलेलं. तरी ऑक्टोबरपासून एकही फोन नाही. फोन बिघडला असणार म्हणून कंपनीचा माणूस बोलावला. त्याने सगळा खोलून पाहिला आणि म्हणाला, फोन ठणठणीत आहे. माणूस नवखा वाटला.

कासिल्दा म्हणाली, फोन चांगला आहे रे, करणारेच संपले. बायकोला या धंद्यातलं काही कळत नाही, आणि ते तिला पंचवीस वर्षांत कळलेलंही नाही.

संकल्प: रोज व्यायाम. कुणावर चिडायचं नाही. वय विचारलं तर बावन्न. अठ्ठावन्न तसाही दिसत नाही.

१४ जानेवारी

चांबेरीच्या मंडईत मासेवालीने ओळखलं. अगं बाई, फादर, म्हणून ओरडली. चार बायका जमल्या. मग म्हणाली, ते तुमचं ‘माझ्या लेकरांनो’ एकदा म्हणून दाखवा ना. मी म्हटलं, आज सुट्टी आहे. (हळूच म्हटलं.)

येताना कासिल्दा म्हणाली, बरं केलंस, नाहीतर बाईने मासे परत मागितले असते.

माझ्या आवाजावरून बोलायची तिची ही सवय. खरं काय ते एकदाच लिहून ठेवतो. आपल्याकडे सेटवर आवाज घेत नाहीत. नटाने ओठ हलवायचे, वाटल्यास आकडे मोजायचे. आवाज मागून स्टुडिओत चढवतात. मी कायम कामात, म्हणून वेळेच्या सोयीसाठी निर्मात्यांनी लेआंद्रो मोस्केरा नावाच्या माणसाकडून माझं थोडंफार डबिंग करून घेतलं. थोडंफार म्हणजे अडतीसपैकी अडतीस पाद्री. नेमकं सांगायचं तर चौसष्टपैकी चौसष्ट. हा तांत्रिक भाग झाला. एवारिस्तोच्या गालाची पावडर एवारिस्तोची नाही, असं कुणी म्हणतं का?

२० जानेवारी, शुक्रवार

माझा एजंट अबुंदियो कोरालेस. ग्रान व्हिया रस्त्याच्या मागे, शिंप्याच्या दुकानावर त्याचं ऑफिस. वीस वर्षं माझं काम बघतो. आज मला बस असंही म्हणाला नाही.

म्हणाला, बाबा रे, पाद्री बघायला येतो कोण आता? हुकूमशहा जनरल गेला, सेन्सॉर गेला, चाळीस वर्षं जे झाकून ठेवलं ते बघायला लोक रांगा लावतायत. मग एक रोल पुढे केला. नोटरी. बायकोची मैत्रीण त्याला आंघोळ करताना पकडते. मी विचारलं, कपडे? तो म्हणाला, आंघोळ करताना तू कपडे घालतोस का?

मी उठलो. म्हटलं, या देशातल्या निम्म्या नायिकांना मरताना मी अखेरचा संस्कार दिलाय. तो म्हणाला, हो, पण आता त्या सगळ्या जिवंत आहेत आणि त्यांना उकडतंय.

स्वच्छ नकार दिला. पायमोजासुद्धा काढणार नाही. तत्त्व म्हणजे तत्त्व.

२३ जानेवारी

रोल घेतला. शरीर हेच नटाचं वाद्य.

२६ जानेवारी

टेस्ट झाली. डायरेक्टर म्हणाला, वळा. वळलो. म्हणाला, बरं, घाला कपडे. ऊब द्यायला स्टोव्ह एकच होता आणि तो नायिकेजवळ ठेवला होता.

घरी सांगितलं, कथाच बदलली, आता त्यात नोटरी नाही. कासिल्दाने काही न विचारता पायाशी गरम पाण्याची पिशवी ठेवली. तिचं हे न विचारणं मला अलीकडे फार लागतं.

२ फेब्रुवारी, सकाळी ११

फोन! कासिल्दाने घेतला. घाईघाईत लिहितोय. इत्सियार गोन्यी नावाच्या डायरेक्टरीणबाई. पाद्री. मुख्य भूमिका. मुख्य!

त्याच दिवशी, दुपारी ४

कॅफेत भेटून आलो. वय तीसच्या आत, अंगात पुरुषी कोट, सिगारेटवर सिगारेट. मी पाद्र्याच्या चालीने आत शिरलो. तिने लगेच ओळखलं.

गोष्ट अशी. फादर एलीआस, सेगोव्हियाकडचं एक गाव. यादवी युद्धाच्या पहिल्या उन्हाळ्यात याने जनरलच्या माणसांना गावातल्या अकरा माणसांची नावं कागदावर लिहून दिली. त्यांना पहाटे नेलं आणि रस्त्याच्या कडेला मारलं. चाळीस वर्षांनी म्हातारा फादर प्रवचनाच्या मंचावर चढतो आणि तीच अकरा नावं मोठ्याने वाचतो. सात मिनिटं, एकही कट नाही.

तिचे आजोबा असेच नेले होते. सांगताना ती माझ्याकडे बघत नव्हती, कपाकडे बघत होती.

मग म्हणाली, लहानपणी गुरुवारी चर्चच्या हॉलमध्ये तुमचे सिनेमे दाखवायचे. तुमचा आवाज सुरू झाला की मी बाकाखाली शिरायचे. आम्हाला इतकी वर्षं ज्या आवाजाने दटावलं, त्याच आवाजाने ती नावं वाचली पाहिजेत. दुसरा कुणी चालणार नाही.

माझ्या डोळ्यांत पाणी आलं. एवढी पारख!

निघताना म्हणाली, आणि सगळा आवाज तिथल्या तिथे घ्यायचा, डबिंगची लबाडी नको. मी म्हटलं, अर्थातच. रुमालात म्हटलं. तिने विचारलं, सर्दी? मी मान हलवली.

६ फेब्रुवारी

परिस्थिती हाताबाहेर नाही. शूटिंग तेरा मार्चला, पाच आठवडे हातात आहेत. आवाज म्हणजे शेवटी स्नायू. रोज दोन कच्ची अंडी, मध, अनीस दारूचा एक घोट, आणि नाइलाज म्हणून काळ्या तंबाखूच्या दहा सिगारेटी. अकरा नावं पाठ: फेलिसियानो, मेल्चोर, दोघे भाऊ उर्बानो आणि लाथारो…

न्हाणीघरात सराव. तिथे चांगला घुमतो.

९ फेब्रुवारी

वरच्या ओब्दुलियाबाई दारात आल्या. कासिल्दाला विचारत होत्या, तुम्ही शेळी पाळलीय का? ती म्हणाली, नाही हो, आमचे हे आहेत. बाई म्हणाल्या, अरे देवा, जपा त्यांना.

अंडी बंद. बाधतायत.

१५ फेब्रुवारी

इत्सियारबाईंचा फोन. वाचनाला या म्हणाल्या. कासिल्दाने माझ्या सांगण्यावरून सांगितलं की डॉक्टरांनी शूटिंगपर्यंत बोलायला बंदी केलीय. बाई खूश. आवाजाची एवढी काळजी घेणारे नट राहिले कुठे, म्हणाल्या.

फोन ठेवून कासिल्दा म्हणाली, हे शेवटचं खोटं. यापुढे तुझी खोटी तूच बोल. मी म्हटलं, मला तर बोलायला बंदी आहे. ती हसली नाही.

२१ फेब्रुवारी, मंगळवार

शेवटी लेआंद्रोकडे गेलो. एकतीस वर्षांत दोनदा भेटलो असू. योग आला नाही. (मी येऊ दिला नाही.)

बैलझुंजीच्या रिंगणाजवळ तिसऱ्या मजल्यावर राहतो. बुटका, टकला, पोट पुढे, पायात कापडी सपाता, खिडकीतल्या पिंजऱ्यात कॅनरी पक्षी. ये एवारिस्तो, म्हणाला, आणि खोलीतली कपाटंसुद्धा सरळ उभी राहिल्यासारखी वाटली. माझाच आवाज, पण त्या सपातांमधून येणारा. 

अगदी साधा माणूस. म्हणाला, तुझा चेहरा मला माझ्यापेक्षा जास्त पाठ आहे. अंधारात बसून इतकी वर्षं तुलाच बघतोय. तू कधी आवंढा गिळणार तेही सांगेन. मग म्हणाला, बोलायच्या आधी तू जो थांबतोस ना, ती जागा मला कधी भरता आली नाही. तिथे मी नुसता गप्प बसायचो.

मी म्हटलं, ते असू दे, मला आवाज शिकव.

लगेच हो म्हणाला. का, तेही विचारलं नाही.

१ मार्च

आठ दिवस शिकतोय. पोटाने बोलायचं, खुर्ची उचलून बोलायचं, जमिनीवर आडवं पडून बोलायचं. प्रगती उत्तम. लेआंद्रो म्हणतो, आवाज खाली जात नाहीये, नुसता लपतोय. शिकवणारे लोक कौतुकाच्या बाबतीत कंजूषच असतात.

आज मी ‘फेलिसियानो’ म्हटलं आणि कॅनरीने उत्तर दिलं. लेआंद्रो खोकायचं निमित्त करून स्वयंपाकघरात गेला.

६ मार्च, सोमवार

युक्ती सुचली. इतकी सोपी की आजवर कशी सुचली नाही!

लेआंद्रोला माझा सेक्रेटरी म्हणून गावी न्यायचं. प्रवचनाच्या मंचाखाली कुठेतरी लपवायचं. मी ओठ हलवणार, तो बोलणार. आवाज तिथल्या तिथेच! बाईंची अट शब्दशः पाळली जाते. यात लबाडी कसली?

लेआंद्रो म्हणाला, नाही. बिचारीच्या आजोबांची गोष्ट आहे ती. कासिल्दा म्हणाली, मुळीच नाही, आत्ता फोन कर आणि तिला खरं सांग. मी खुर्चीवर बसलो आणि तोंड हातांत धरून थोडा रडलो. तांत्रिक रडणं, मला कधीही येतं. पण आज थांबवायला जरा वेळ लागला.

लेआंद्रो म्हणाला, बरं, बरं, येतो मी.

कासिल्दाही येणार म्हणते. कशाला, विचारलं तर म्हणाली, परत आणायला कुणीतरी हवं.

१३ मार्च, गाव

हाडं फुटतील अशी थंडी. चर्च दगडी. इथला खराखुरा फादर तीस वर्षांचा, स्वेटर, कॉर्डुरॉयची पँट, गिटार. झगा घालतच नाही. मला झग्यात पाहून म्हणाला, वा, तुम्ही अगदी खऱ्या फादरसारखे दिसता! ईस्टरच्या पवित्र सप्ताहाच्या आत चर्च मोकळं करून हवंय, एवढंच त्याचं म्हणणं.

बाकांवर बसायला गावातलीच म्हातारी माणसं बोलावलीत. इत्सियारबाई एकेकाला हाताला धरून बसवत होत्या. नावं गोष्टीपुरती बदललीत, पण इथूनही तेव्हा माणसं नेली होती म्हणे. मी तिकडे फार लक्ष दिलं नाही. भूमिकेत राहावं लागतं.

जागा पाहून ठेवली. मंचाच्या बरोब्बर खाली कबुलीजबाबाची लाकडी पेटी (फादर आत बसून लोकांची पापं ऐकतो ती), पडद्यासकट. जणू लेआंद्रोसाठीच बांधलीय.

१५ मार्च, बुधवार

 क्रमाने लिहितो.

सकाळी सगळे चहाला गेले तेव्हा लेआंद्रोला पेटीत बसवला. पडदा ओढला. मी मंचावर चढलो. शांतता. कॅमेरा सुरू. मी थांबलो. नेहमीपेक्षा जास्त थांबलो, चर्चमध्ये कुणी श्वास घेत नव्हतं. मग ओठ उघडले, आणि खालून आवाज आला. माझ्या लेकरांनो. दगडी भिंतींतून असा फिरला की माझ्याच अंगावर काटा आला. दोन वाक्यं झाली. तिसरं. मी हात उंचावला. आयुष्यातला सर्वोत्तम क्षण.

चौथ्या वाक्याला आवाज थांबला.

मी ओठ हलवतोय, काही नाही. पुन्हा हलवले. नाही. खाली डोकावलो. पहिल्या बाकावरची प्रिमितिव्हा आजी, वय ऐंशीच्या पुढे, उठून पेटीजवळ गेली होती आणि गुडघे टेकून बसली होती. पेटीत फादर आहेत हे तिला त्या आवाजावरून कळलं होतं. जाळीला तोंड लावून ती कबुलीजबाब देत होती.

आवाज मुद्रित करणाऱ्या आवाजवाल्याला कानातल्या यंत्रात सगळं ऐकू येत होतं. नंतर त्याने सांगितलं. ती म्हणत होती, फादर, माझ्या नवऱ्याला नेलं तेव्हा शेजारणीने मला भाकरी आणून दिली, ती मी तोंडावर फेकून मारली. तिच्या भावाने बंदूक धरली होती म्हणून. आता ती पण गेली. चाळीस वर्षं सांगीन म्हणतेय, पण फादर बघितला की भीती वाटते. आज आवाज ऐकला आणि वाटलं, सांगून टाकू.

आणि मी वर पाण्याबाहेर काढलेल्या माशासारखा ओठ हलवतोय.

मग खालून तो प्रचंड आवाज आला, आजी, मी फादर नाही हो. मी लेआंद्रो. पण ऐकलं मी सगळं. रडू नका.

कुणी ‘कट’ म्हणालं नाही. इत्सियारबाई चालत आल्या, पडदा बाजूला केला. आत लेआंद्रो, मांडीवर कागद, डोळे लाल. त्यांनी त्याच्याकडे पाहिलं. वर माझ्याकडे पाहिलं. म्हणाल्या, तुम्ही बोला. तुमच्या आवाजात बोला.

मी म्हटलं, माझ्या लेकरांनो.

मागच्या बाकांवर कुणीतरी खुदकन हसलं. मग दुसरं कुणी. आवाजवाल्याने कानातलं यंत्र काढून ठेवलं. बाई हसल्या नाहीत. हसल्या असत्या तर बरं झालं असतं. एवढंच म्हणाल्या, म्हणजे मी बाकाखाली लपायचे ते तुम्हाला भिऊन नव्हे.

१६ मार्च

रोल लेआंद्रोला दिला. झगा त्याला पोटावर उसवून बसवावा लागला. कासिल्दानेच उसवला.

मी वाटाघाटी केल्या. माझ्या अनुभवाचा विचार करून बाईंनी मला पहिल्या बाकावरची जागा दिलीय: नावं ऐकणारा गावकरी. संवाद नाही, पण बघा, ज्याच्याकडे संवाद नसतो त्याच्याकडेच लोक बघत राहतात. खरं तर हाच रोल मोठा आहे.

दुपारी लेआंद्रो माझ्या खोलीत आला.  म्हणाला, मला नाही जमणार एवारिस्तो, मी अंधारातला माणूस, त्या कॅमेऱ्याच्या काचेसमोर माझे हातपाय गळतात. तू रागावलायस का? मी म्हटलं, नाही. खोटंच. मग त्याला सांगितलं, वर चढल्यावर लगेच बोलू नकोस. पहिल्या बाकाकडे बघ. मी असेन तिथे. माझ्याकडे बघत थांब. पोटात दुखायला लागेपर्यंत थांब. आणि मग बोल.

त्याने विचारलं, किती वेळ? मी म्हटलं, मला तरी कुठे माहीत? मी नेहमी विसरलेलं वाक्य आठवत असायचो.

हे मी आजवर कुणाला सांगितलं नव्हतं. कसं तोंडातून गेलं कोण जाणे.

१७ मार्च, शुक्रवार

झालं. एका टेकमध्ये.

लेआंद्रो चढला. थांबला. माझ्याकडे पाहिलं. इतका वेळ थांबला की मला वाटलं, विसरला. मग पहिलं नाव घेतलं. फेलिसियानो. मग मेल्चोर. मी ही नावं पाच आठवडे न्हाणीघरात किंचाळलो होतो, पण ही माणसं आहेत हे मला आज कळलं. उर्बानो, मग लाथारो. शेजारी प्रिमितिव्हा आजीने माझा हात घट्ट धरला. सहाव्या नावाला माझ्या डोळ्यांतून पाणी आलं, आणि ते मी आणलेलं नव्हतं. थांबवायला गेलो, थांबेना. नाक वाहत होतं, तोंड वाकडं झालं होतं, खांदे हलत होते. शेवटच्या नावापर्यंत.

एकतीस वर्षांत असं काम झालं नाही. हे पडद्यावर दिसलं की अबुंदियो जिना उतरून मला घ्यायला येईल. पाद्री-बिद्री विसरून जा. आता बापाच्या भूमिका. आजोबाच्या सुद्धा घेईन, वय साठ सांगेन. माद्रिदला पोचताच नवे फोटो काढायचे, रडताना एक.

कासिल्दा सेटवरच होती, कॅमेऱ्याच्या मागे, लेआंद्रोचा कोट धरून. मी विचारलं, बघितलंस? म्हणाली, बघितलं. आणखी काही बोलली नाही. भारावली असणार.

१८ मार्च, शनिवार

चर्चमधलं काम संपलं, बाकीचं पवित्र सप्ताहानंतर. बस यायला वेळ होता. कॅमेरामन सामान बांधत होता. त्याला सहज विचारलं, काल माझ्या तोंडावर उजेड बरोबर पडला होता ना?

तो म्हणाला, तुम्ही कुठे होता?

पहिल्या बाकावर, म्हटलं.

तो म्हणाला, छे हो, कॅमेरा सातही मिनिटं मंचावर होता. फक्त लेआंद्रो. बाक फ्रेममध्ये नव्हताच. एकही नव्हता. बाईंनी माणसं बसवली होती ती त्याला कुणाकडे तरी बघून बोलता यावं म्हणून. सगळ्यांना माहीत होतं की.

बसमध्ये लेआंद्रो पुढे झोपला होता, तोंड उघडं टाकून. मी कासिल्दाला विचारलं, तुला माहीत होतं? तू कॅमेऱ्यामागे होतीस, तुला दिसत होतं.

म्हणाली, हो.

मग काल सांगितलं का नाहीस?

ती खिडकीबाहेर बघत होती. म्हणाली, एवढ्या वर्षांत तुला खरं रडताना पहिल्यांदा पाहिलं. मधे कशी बोलणार?

तो अभिनय होता, हे तिला सांगणार होतो. आवाज फुटला नाही.